संग्रहालय, नान आणि मेक्सिकोची मिरची



मेक्सिको सिटी नावाच्या अफाट शहरात परदेशी पाहुण्यांसाठी एक वेगळ्या प्रकारची सहल असते. सकाळी मार्गदर्शक पाहुण्यांना तिथल्या राष्ट्रीय मानववंशशास्त्र संग्रहालयात घेऊन जातो. १९६४ साली उघडलेले हे संग्रहालय जगातल्या नामवंत संग्रहालयांपैकी एक आहे. प्राचीन संस्कृतींच्या मूर्ती आणि सुप्रसिद्ध सूर्यशिळा तिथे आहे. शिवाय मका वाटायचे दगडी पाटे आहेत आणि मातीची भांडीही आहेत. हे सगळे पाहून झाले की मार्गदर्शक पाहुण्यांना बाजारात नेतो. तिथे एखादी बाई मक्याची टॉर्टिया तव्यावर टाकत असते. टॉर्टिया म्हणजे चुन्याच्या पाण्यात उकडलेल्या मक्याची पातळ भाकरीच म्हणा ना. सकाळी काचेपलीकडे पाहिलेला पाटा दुपारी असा ताटात उतरतो. सोबत मिरचीचे झणझणीत वाटण असते, मोले नावाची दाट मसालेदार आमटी असते आणि पेयेही असतात. त्यातल्या मादक पेयांबद्दल माझ्याकडून काही माहिती मिळण्यासारखी नाही. पण दोन साधी सरबते ऐकण्यासारखी आहेत. एक लाल अंबाडीच्या फुलांचे आणि दुसरे चिंचेचे!

मी मेक्सिको पाहिलेला नाही, पुस्तकांतून वाचला आहे. तरी आज त्या सहलीविषयी बोलावेसे वाटते, कारण ती कल्पना आपल्या शहराला फार शोभेल असे मला वाटते. शोभण्याचे कारणही साधे आहे. मेक्सिकोच्या ताटातला अर्धा माल आपल्या ताटात आहे आणि त्याचा आपल्याला पत्ताच नाही.

आधी आपल्या शहराचे दुखणे सांगतो. अजिंठा आणि वेरूळ १९८३ पासून जागतिक वारशाच्या यादीत आहेत. त्यांच्यासाठी जगभरातून माणसे येतात. विमानाने किंवा रेल्वेने उतरतात, हॉटेलात झोपतात, सकाळी तीस किलोमीटरवरचे वेरूळ पाहतात, दुसऱ्या दिवशी शंभर किलोमीटरवरचा अजिंठा पाहतात आणि निघून जातात. जाता जाता बीबी का मकबऱ्यापुढे फोटो काढतात. शहर तसेच राहते. सोनेरी महालातले राज्य शासनाचे संग्रहालय, महापालिकेचे छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय, विद्यापीठातले इतिहास वस्तुसंग्रहालय या जागा बाहेरच्यांनी सोडा, इथल्या किती जणांनी पाहिल्या आहेत? शाळेची सहल एकदा जाते. मुले रांगेत आत शिरतात आणि रांगेत बाहेर येतात. चिलखत पाहिले, तलवार पाहिली, जुनी पैठणी पाहिली, संपले. वस्तू मुकी राहते.

बावन्न दरवाजांचे शहर म्हणून आपण मिरवतो, पण त्यांतले मोजकेच उरले आहेत. हिमरू विणणारे हातमागही मोजकेच उरले. लग्नात नान-खलिया शिजवणाऱ्या जुन्या बावर्चींच्या मुलांना आता दुसरे काम बरे वाटते. पर्यटकाचा पैसा शहराच्या बाहेरून बाहेर जातो. तो शहागंजच्या गल्लीत, नानच्या भट्टीपर्यंत पोचत नाही. म्हणून संग्रहालय आणि ताट यांची गाठ घालणारी फेरी हा केवळ चैनीचा विषय नाही. आता सुट्टीच्या सकाळी हेरिटेज वॉक निघतात, ही चांगलीच गोष्ट आहे. त्यात एक पाऊल पुढे जावे, एवढेच माझे म्हणणे.

अशी फेरी कशी असावी, ते माझ्या कल्पनेप्रमाणे सांगतो.

सकाळी सुरुवात सोनेरी महालापासून करावी. विद्यापीठामागच्या डोंगराच्या पायथ्याशी ही बुंदेला सरदाराची वास्तू आहे. आत जुनी शिल्पे आहेत, मातीची भांडी आहेत. भांड्यांपाशी थांबून मार्गदर्शकाने फक्त एक प्रश्न विचारावा : या भांड्यांत काय शिजत असेल? बाराव्या शतकात कल्याणीच्या चालुक्य घराण्यातल्या सोमेश्वर राजाने ‘मानसोल्लास’ नावाचा ग्रंथ रचला. कल्याणी म्हणजे आजचे बसवकल्याण, आपल्या मराठवाड्याच्या शेजारचे. त्या ग्रंथात राजाच्या स्वयंपाकघराची तपशीलवार वर्णने आहेत. वडे आहेत, इडलीचा पूर्वज आहे, मांसाचे प्रकार आहेत. तिखटपणासाठी मिरी आहे, आले आहे, हिंग आहे. मिरची मात्र नाही. असणार कशी? ती तेव्हा समुद्रापलीकडे, मेक्सिकोत होती. कोलंबस १४९२ साली अमेरिकेच्या बेटांवर पोचला, पोर्तुगीजांनी १५१० मध्ये गोवा घेतला आणि त्यांच्या गलबतांतून सोळाव्या शतकात मिरची आपल्या किनाऱ्यावर उतरली. तिथून घाट चढून ती दख्खनमध्ये आली.

आता आपल्या शहराच्या मानाचा पदार्थ घ्या, नान-खलिया. महंमद तुघलकाने १३२७ मध्ये राजधानी दिल्लीहून दौलताबादला आणली, तेव्हा त्याच्या फौजेसाठी हा पदार्थ निघाला, असे आपण अभिमानाने सांगतो. कथा गोड आहे. कथा म्हणून जरूर सांगावी. पण ज्या लालभडक तर्रीवर आपण जीव टाकतो, ती तर्री तुघलकाच्या सैनिकाने पाहिलेली असणे शक्य नाही. त्याच्या वाडग्यात खलिया असेलच, तर तो मिरीचा, बिनलाल खलिया असेल. इब्न बतूता १३४२ च्या सुमारास दौलताबादला आला होता. इथली द्राक्षे आणि डाळिंबे त्याने नोंदवली आहेत. मिरचीचा ठसका त्याला लागण्याचा प्रश्नच नव्हता.

‘मिरची’ हा शब्दही जरा हातात घेऊन पाहा. तो ‘मिरी’वरून आला. संस्कृतातले ‘मरिच’ म्हणजे काळी मिरी. परदेशातून एक नवी तिखट वस्तू आली, तेव्हा आपल्या लोकांनी तिला आपल्या जुन्या तिखट वस्तूचे नाव देऊन टाकले. बटाट्याच्या बाबतीत उलटे झाले. तो पोर्तुगीजांबरोबर आला आणि त्याने आपले नाव तसेच ठेवले. तंबाखू, काजू, अननस हेही आपापली नावे घेऊनच आले. सीताफळाला आपण थेट सीतामाईचे नाव दिले. वनस्पतिशास्त्रज्ञ त्याचे मूळ उष्ण कटिबंधातल्या अमेरिकेत मानतात. काही अभ्यासकांनी जुन्या शिल्पांत ते ओळखल्याचा दावा केला, त्यावर वादही झाला. पण दौलताबादच्या रस्त्यावर टोपली मांडून बसलेल्या बाईला या वादाशी काय कर्तव्य? भाषेचा हा मोठेपणा आहे. कुणाला ती आपले नाव देते, कुणाचे नाव राहू देते आणि दोघांनाही पंगतीत बसवते.

मित्रहो, इथे थोडे माझे सांगतो. माझ्या घरी दखनी बोलली जाते. शाळा-कॉलेज मराठीत झाले, कविता मराठीत सुचते. कवितावाचन संपल्यावर हमखास कोणीतरी प्रेमाने जवळ येऊन विचारते, ‘‘तुमचे मराठी इतके चांगले कसे हो?’’ त्यात वाईट हेतू नसतो, हे मला ठाऊक आहे. मी हसून ‘‘आईच्या दुधाबरोबर नसेल, पण ठेच्याबरोबर आले,’’ असे उत्तर देतो. ठेच्याला मात्र हा प्रश्न कोणी विचारत नाही. त्यातली मिरची मेक्सिकोची, शेंगदाणा दक्षिण अमेरिकेचा. भाकरीची ज्वारी मूळची आफ्रिकेची. हजारो वर्षांपूर्वी ती भारतात आली. बाजरीही तिकडचीच. आपल्या मऱ्हाटमोळ्या भाकरी-ठेच्याच्या ताटात असे तीन खंड एकत्र आले आहेत. तरी ते ताट मराठीच आहे, आणि त्याबद्दल कुणाच्या मनात शंका नाही. कारण पिढ्यान् पिढ्या इथल्या मातीत ते पिकले आणि इथल्या बायकांनी ते थापले, कुटले, वाढले.

सोनेरी महालातून निघून मकबरा पाहावा. १६६० च्या आसपास बांधलेली ही वास्तू दिलरस बानू बेगमची कबर आहे. मग पाणचक्कीकडे यावे. सतराव्या शतकाच्या अखेरीस बाबा शाह मुसाफिर यांच्या दर्ग्यापाशी ही चक्की उभी राहिली. दूरच्या डोंगरातल्या झऱ्याचे पाणी मातीच्या नळांतून आणून त्याच्या जोरावर जाते फिरवायचे आणि फकीर, प्रवासी, अनाथ यांच्यासाठी पीठ दळायचे, अशी ती सोय होती. पर्यटक कारंजे पाहतो आणि पुढे जातो. तिथे मार्गदर्शकाने पिठाची गोष्ट सांगावी. पाणचक्कीत दळला जाणारा गहू जुना देशी होता. आज आपण खातो त्या गव्हाच्या वंशात मेक्सिकोचा अंश आहे. नॉर्मन बोरलॉग यांनी मेक्सिकोत बुटक्या जातीचा गहू तयार केला. दुष्काळाच्या छायेत असलेल्या भारताने १९६६ मध्ये तिथून सुमारे १८ हजार टन बियाणे आणले. लेर्मा रोहो आणि सोनोरा ६४ ही त्या वाणांची नावे. पुढे त्या वंशातून कल्याण सोना, सोनालिका हे आपले वाण निघाले. म्हणजे नान-खलियातल्या खलियाला मेक्सिकोच्या मिरचीने रंग दिला आणि नानच्या गव्हातही मेक्सिकोचे रक्त मिसळले! हिमरूच्या दुकानात गेलात, तर तिथेही हीच गोष्ट निघेल. मराठवाड्यात आज होणारा जवळजवळ सगळा कापूस ज्या जातीचा आहे, तिची पहिली लागवड मेक्सिकोतच झाली. आणि फुलंब्री, सिल्लोड, कन्नडकडे शिवारभर डोलणारा मका तर सुमारे नऊ हजार वर्षांपूर्वी मेक्सिकोच्या शेतकऱ्यांनी एका रानगवतापासून घडवला.

पाणचक्कीवरून भडकल दरवाजाकडे यावे. मलिक अंबरने तो १६१२ मध्ये बांधला. दोनच वर्षांपूर्वी, १६१० मध्ये, त्याने खडकी या गावाचे शहर केले होते. आपल्या शहराचा हा संस्थापक इथिओपियातला होता. लहानपणी गुलाम म्हणून विकला गेला, हात बदलत बदलत दख्खनमध्ये आला आणि निजामशाहीचा कर्ताधर्ता झाला. मोगलांशी त्याने वर्षानुवर्षे झुंज दिली आणि शहराला नहर दिली. ज्वारी आली तिथूनच जवळपास तोही आला. त्याच काळात उलट्या दिशेने एक गोष्ट घडत होती. हिंदुस्थानातली म्हणून सांगितली जाणारी एक मुलगी समुद्री चाच्यांच्या हाती सापडली, मनिलाच्या बाजारात विकली गेली आणि जहाजाने मेक्सिकोत पोचली. पुएब्ला नावाच्या शहरात ती आयुष्यभर राहिली आणि १६८८ मध्ये वारली. तिथे तिला कातारिना दे सान हुआन म्हणत. लोक तिला संत मानू लागले. एक गुलाम इथे शहर वसवतो आणि इथली म्हणवली जाणारी गुलाम मुलगी तिथे श्रद्धेचा विषय होते. मनिला ते अकापुल्को ही जहाजे १५६५ पासून अडीचशे वर्षे चालली. त्यांतून माणसे गेली, कापड गेले, मसाले गेले, आंबा गेला. मेक्सिकोत पिकणाऱ्या आणि पिळल्या जाणाऱ्या चिंचेला आजही ‘तामारिंदो’ म्हणतात. हा शब्द अरबांच्या ‘तमर हिंदी’वरून आला, म्हणजे हिंदचा खजूर. त्यांची मिरची आपल्याकडे, हिंदच्या नावाची चिंच त्यांच्याकडे.

ऑक्ताव्हियो पाझ या मेक्सिकन कवीला ही देवाणघेवाण कळली होती. १९६२ ते १९६८ या काळात तो दिल्लीत मेक्सिकोचा राजदूत होता. आपल्या सरकारने विद्यार्थ्यांवर गोळ्या घातल्या म्हणून १९६८ मध्ये त्याने पद सोडले. १९९० मध्ये त्याला नोबेल मिळाले. भारताविषयी त्याने १९९५ मध्ये जे पुस्तक लिहिले, त्यात त्याने मेक्सिकोचा मोले आणि आपला रस्सा यांचे नाते शोधले आहे. दोन देशांची ओळख पटवायला एका कवीला स्वयंपाकघरात शिरावेसे वाटले, याचा मला फार आनंद वाटतो.

फेरीचा शेवट जेवणाने व्हावा. मागच्या हिवाळ्यात पुण्याहून आलेल्या काही मंडळींबरोबर मी जुन्या शहरात हिंडत होतो. नानच्या भट्टीपाशी एका तरुण मुलीने म्हाताऱ्या नानवाल्याला विचारले, ‘‘चाचा, नानला हा पिवळा रंग कशाला?’’ चाचा म्हणाले, ‘‘बेटा, शादी का खाना है, पीला तो होनाच!’’ सगळे हसले. मी त्या मुलीला म्हटले, ‘‘बाळ, चाचांनी हळदीचा पत्ता सांगितला आणि मराठीचाही.’’ तिला कळेना. मग सांगितले, की ‘होनाच’मधला हा ‘च’ दिल्लीच्या उर्दूत नाही. तो मराठीतून दखनीत आला. तसाच ‘नक्को’ही. ती वहीत लिहून घेऊ लागली. संग्रहालयातल्या दोन तासांत तिने वही उघडली नव्हती.

अर्थात या फेरीला काही पथ्ये हवीत. सगळेच मांसाहारी नसतात. त्यांच्यासाठी ज्वारीची भाकरी, ठेचा, येसर आमटी, अंबाडीची भाजी, मोसमात हुरडा आणि सीताफळ असावे. लाल अंबाडीचे सरबतही करावे, मेक्सिकोतल्यासारखे. नान-खलिया ज्याच्या हातचा, त्याला त्याचे दाम आणि मान द्यावा. दया म्हणून नको. मार्गदर्शकाने ऐकीव गोष्ट ऐकीव म्हणूनच सांगावी आणि पुराव्याची गोष्ट पुराव्यासह सांगावी. इतिहास आणि मराठी शिकणाऱ्या आपल्या कॉलेजच्या मुलामुलींना दोन महिने शिकवले, तर असे मार्गदर्शक इथेच तयार होतील. त्यांना चार पैसे मिळतील आणि शहराशी त्यांची ओळख होईल. संग्रहालयांनीही थोडे करावे. एका काचेच्या पेटीत मिरी, पिंपळी आणि मिरची शेजारी ठेवून खाली तीन ओळी लिहायला फारसा खर्च येत नाही.

या विषयात दूरची गावेही येऊ शकतात. जालना जिल्ह्यातल्या भोकरदनचे उदाहरण घ्या. इटलीतले पॉम्पेई शहर इ. स. ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेखाली गाडले गेले. त्या राखेतून १९३८ मध्ये एक भारतीय हस्तिदंती मूर्ती निघाली. तिच्याशी जुळणारी मूर्ती १९७३ च्या सुमारास भोकरदनच्या उत्खननात सापडली. दोन हजार वर्षांपूर्वी आपली कारागिरी रोमन घरापर्यंत गेली होती. आज त्याच भोकरदन तालुक्यातल्या पिंपळगाव रेणुकाईचा हिरव्या मिरचीचा बाजार प्रसिद्ध आहे. तिथून ट्रक भरभरून मिरची बाहेर जाते. एके काळी हस्तिदंत देणारी माती मेक्सिकोहून आलेले पीक पिकवते आणि पुन्हा जगाला देते. घेणे आणि देणे, दोन्ही या भूमीचा जुना धंदा आहे.

श्रोतेहो, आपल्या शहराने अनेक नावे पाहिली. खडकी, फतेहनगर, औरंगाबाद आणि २०२३ पासून छत्रपती संभाजीनगर. नावांवरून आपण खूप बोललो, कधी चढ्या आवाजात बोललो. ती चर्चा ज्याची त्याने करावी. मला एवढेच वाटते, की या सगळ्या नावांच्या खाली चूल एकच होती. तिच्यावर कुणी भाकरी भाजली, कुणी देग चढवली. तिच्यात आलेल्या प्रत्येक जिनसेला इथे जागा मिळाली. ‘हे आमचे आणि ते परके’ अशी वाटणी करायला बसलो, तर संध्याकाळी आपल्याच ताटात काय उरेल, याचा हिशेब एकदा करून पाहावा. मिरची गेली, टोमॅटो, बटाटा, शेंगदाणा गेला, मका गेला. ज्वारी आणि बाजरीही गेली. उपाशीच झोपावे लागेल!

आपल्या नव्या कॅफेंत पोरे टाको आणि नाचोज मागवतात. मागवू द्या, मला त्याचे वाईट वाटत नाही. फक्त नाचोजवर हिरवी मिरची टाकताना ती चारशे वर्षांपूर्वी त्यांच्या आजीच्या आजीच्या घरी आली होती, हे त्यांना कुणीतरी सांगायला हवे. ते सांगण्यासाठी अशी फेरी हवी. येत्या थंडीत, हुरड्याच्या दिवसांत, एखाद्या शाळेने, एखाद्या कॉलेजने, एखाद्या गल्लीतल्या मंडळाने पहिली फेरी काढावी. वीस माणसे पुरेत. सकाळी सोनेरी महाल, दुपारी नानची भट्टी. पाहुणे पुण्या-मुंबईहून यायची वाट पाहू नये; आधी आपणच आपले पाहुणे व्हावे.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)